मंडळाची एकुलती एक खुर्ची

१

खुर्ची जागेवर नव्हती.

टेबल होतं, टेबलावर साहेबांचा झाकण घातलेला पाण्याचा ग्लास होता, भिंतीवर आजवरच्या अकरा साहेबांच्या नावांचा फलक होता. पण टेबलामागे उभी होती ती चाकांची, काळी, फिरती खुर्ची, पाठीवर पांढरा टॉवेल टाकलेली. मी गुडघे टेकून तिच्या बुडाखाली पाहिलं. फर्निचर भाड्याने देणाऱ्या ठेकेदाराचं स्टिकर. ही मला चालणार नव्हती. मला हवी होती सागवानी, हातांची, बुडाखाली पांढऱ्या रंगात ‘पा.मं./जड/१’ असा जडवस्तू नोंदवहीतला नंबर घातलेली.

मी नंदकुमार, कोर्टाचा बेलीफ. बावीस वर्षं जप्त्या करतोय. या बावीस वर्षांत लोकांनी माझ्यापासून काय काय लपवलं ते सांगत बसलो तर दिवस जाईल. तांदळाच्या डब्यात पाटल्या, विहिरीत मोटर, आणि तळोज्याच्या एका गृहस्थाने तर मोटरसायकल देवघरात उभी करून तिला हार घातला होता. मी सगळं शोधून काढलंय. करंजाड्याच्या घरी मला माझाच चष्मा सापडत नाही, हे माझी बायको चारचौघांत सांगते, ते वेगळं.

त्या दिवशी मी बेलापूरला, सागरकाठ पाणीपुरवठा मंडळाच्या चौथ्या मजल्यावर होतो. हातात जप्तीचं वॉरंट. सोबत वकीलबाई क्षिप्रा दामले, सीवूड्सला ऑफिस असलेल्या, तिखट. आणि पंच म्हणून खालचा झेरॉक्सवाला आणि त्याच्या शेजारचा भेळवाला. खाली छोटा हत्ती टेम्पो आणि चार हमाल थांबलेले. एका खुर्चीला चार हमाल जास्त होतात, पण दामले मॅडमना जप्ती दिसली पाहिजे असं वाटत होतं.

प्रकरण असं. उरणजवळच्या मोरा गावचे गोटीराम या मंडळात एकोणतीस वर्षं व्हॉल्व्हमन होते. पाणी कधी सोडायचं, कधी बंद करायचं, हे त्यांच्या हातात. दर महिन्याला त्यांच्या पगारातून प्रॉव्हिडंट फंड कापला गेला, पण तो फंडात कधी भरलाच गेला नाही. निवृत्त झाल्यावर तीन वर्षं त्यांनी बायकोला घेऊन इथे खेटे घातले, मग किडनीचं दुखणं झालं आणि ते गेले. नंतरची तीन वर्षं खेटे त्यांच्या बायकोने, शेवंताबाईंनी एकटीने घातले. दरम्यान वरच्या कोर्टाने हुकूम दिला, व्याजासकट अकरा लाख अडतीस हजार सहा आठवड्यांत द्या. त्यालाही अकरा महिने झाले.

आता मंडळाचं काय जप्त करायचं, हा प्रश्न होता. बँकेतलं अनुदान सरकारचं, त्याला हात लावायचा तर वेगळा अर्ज, वेगळी तारीख. इमारत भाड्याची. गाड्या ठेकेदाराच्या. कॉम्प्युटर, एसी, टेबलं, सगळं भाड्याने. शिपाई आणि वॉचमनसुद्धा कंत्राटी. दामले मॅडमनी माहितीच्या अधिकारात विचारलं, मंडळाच्या स्वतःच्या मालकीची जंगम मालमत्ता कोणती? उत्तर आलं, सहीशिक्क्यासकट: ‘खुर्ची, सागवानी, हातांची. एक.’

वॉरंटची मुदत त्याच संध्याकाळी संपत होती. दुसऱ्या दिवसापासून कोर्टाला दिवाळीची सुट्टी, पुढची तारीख जानेवारीत. आणि शेवंताबाईंकडे जानेवारीपर्यंत वेळ नव्हता. गोटीरामांच्या आजारपणात त्यांनी मोऱ्याच्या घराचा कागद उरणच्या बाजीरावशेठकडे गहाण टाकला होता. शेठजी पाडव्याला नवी वही घालतात. जुन्या वहीतलं येणं पाडव्यापर्यंत आलं नाही तर घर त्यांच्या नावावर, असं लिहून घेतलेलं.

शेवंताबाई सकाळपासून येऊन बसल्या होत्या. केबिनबाहेरच्या व्हरांड्यात, नोटीस बोर्डाखाली, समारंभाला टेबलावर घालतात तसं हिरवं कापड टाकलेल्या खुर्चीत, तिच्या दोन्ही हातांवर हात टेकून, मांडीवर पिशवी. मला पाहून म्हणाल्या, “आलाव? मंग न्या उचलून लवकर.”

मी त्यांना धीर दिला आणि आत जाऊन पाहिलं तर हे असं.

उठता उठता माझं लक्ष खालच्या गालिच्याकडे गेलं. टेबलामागे चार गोल खळगे पडले होते. खुर्चीच्या चार पायांचे. बोट लावून पाहिलं, गालिच्याचा लोकरी पोत अजून दबलेला होता, वर आला नव्हता. चाकांच्या खुर्चीला पाच चाकं असतात.

म्हणजे ती खुर्ची वर्षानुवर्षं इथे होती आणि आजच हलली होती.

२

पहिल्यांदा गाठले साहेब. अभिराम सबनीस, व्यवस्थापकीय संचालक, मंडळाचे बारावे. उंच, सुगंधी आणि कंबरेचा पट्टा बांधलेले. बोलताना ते टेबलाला टेकून उभे होते, कारण फिरत्या खुर्चीत बसलं की त्यांची पाठ धरते, असं त्यांनीच सांगून टाकलं.

“कुठली खुर्ची?” ते म्हणाले. “हां, ती जुनी? ती मी चार्ज घेतला त्याच आठवड्यात मंत्रालयात पाठवून दिली. हेरिटेज म्हणून. मला खुर्चीचा मोह नाही हो.”

“पोच असेल ना?”

“असणारच. फाइलला असेल.”

“फाइल कुठेय?”

“तीही बहुधा मंत्रालयातच.”

दुसरी उन्नती, साहेबांची पीए. तिचं टेबल केबिनच्या दारातच, त्यामुळे तिच्या नजरेतून मुंगी सुटायची नाही. ती टाइप करता करता बोलली. “ती खुर्ची? सर, ती तर गेल्या वर्षी भंगारात गेली. वाळवी लागली होती. लिलाव झाला. किलोवर.”

“सागवानाला वाळवी?”

“इथली वाळवी काहीही खाते सर. सर्व्हिस बुकंपण खाल्लीत.”

तिसरा आशुतोष, लेखा अधिकारी. गोटीरामांचा फंड कुठे गेला हे जगात कुणाला ठाऊक असेल तर याला. मी आत गेलो तेव्हा त्याने आधी कॅल्क्युलेटर ड्रॉवरमध्ये टाकला. कॅल्क्युलेटर भाड्याचा आहे का, असं मी विचारलं नाही, पण मनात आलं.

“खुर्ची पॉलिशला गेलीय,” तो म्हणाला. “वाशीला. दिवाळी आलीय ना. पाडव्यानंतर येईल. तुम्ही पाडव्यानंतर या.”

“कुणाकडे दिलीय?”

“एक कारागीर आहे. फोन उचलत नाही.”

मी बाहेर आलो. काचेच्या पार्टिशनमधून मागे पाहिलं आणि जे दिसलं त्याने माझं डोकं सणकलं. उन्नतीने आशुतोषकडे बघून अंगठा वर केला. आशुतोषने तिच्याकडे बघून अंगठा वर केला. मग दोघांनी केबिनकडे पाहून अदबीने मान तुकवली, आणि साहेबांनी दोघांकडे बघून कौतुकाने मान डोलावली. पोराला पहिला नंबर मिळाल्यावर बाप डोलावतो तशी.

“तिघांची टोळी आहे, मॅडम,” मी दामले मॅडमना म्हणालो.

“ते मला अकरा महिन्यांपूर्वीच कळलंय,” त्या म्हणाल्या. “खुर्ची कुठाय ते सांगा.”

३

मग मी झडती घेतली. माझ्यासारखी झडती नवी मुंबईत कुणी घेत नाही, हे मी स्वतःच सांगतो, कारण दुसरं कुणी सांगत नाही.

रेकॉर्ड रूम पाहिली. तिथे चादरी अंथरल्या होत्या आणि एक उशी होती. पँट्री पाहिली. बाथरूम पाहिली, पुरुषांचीही आणि उन्नतीला पुढे घालून बायकांचीही. गच्चीवर गेलो. टाकीत डोकावलो. पाणीपुरवठा मंडळाच्या स्वतःच्या टाकीत पाणी नव्हतं. स्टोअरमध्ये एक कॅरम बोर्ड, सत्यनारायणाचा चौरंग आणि दोन हजार नऊ सालच्या दिनदर्शिकांचे चाळीस गठ्ठे मिळाले. सगळं स्टाफच्या वर्गणीचं, जप्तीच्या कामाचं नाही. हॉलमधल्या एकूण एक खुर्च्या पालथ्या करून पाहिल्या. सगळ्यांना ठेकेदाराचं स्टिकर. व्हरांड्यातली लोखंडी बाकडी वाकून पाहिली, त्यांनाही तेच. प्रत्येक वेळी व्हरांड्यातून जाताना शेवंताबाई विचारायच्या, “मिलाली?” आणि मी मान हलवून पुढे जायचो. तिसऱ्या खेपेनंतर त्यांच्याकडे बघायची मला लाज वाटायला लागली, म्हणून मी दुसरीकडे बघत जायला लागलो.

सीसीटीव्ही होता, पण त्याचं तोंड छताकडे. दुरुस्तीची फाइल साहेबांच्या सहीला थांबलीय म्हणे.

शेवटी गेट. वॉचमनने रजिस्टर पुढे केलं. चौथ्या मजल्यावरून त्या दिवशी बाहेर गेलं होतं ते एवढंच: पाण्याचे रिकामे जार दोन, टिफिन एक. मागचं दार वर्षभर कुलपात, कुलपाला कोळ्याची जाळी.

“खुर्ची इमारतीतच आहे,” मी म्हणालो. घड्याळात सव्वातीन झाले होते. “पण मला एक सांगा. आमच्या वॉरंटची बातमी फुटली कशी? आम्ही कुणालाच सांगितलं नव्हतं.”

वॉचमनने टोपी काढली. “साहेब, मला तर सकाळी आठ पंचावन्नलाच माहीत होतं. मी साहेबांना फोनपण केला. साहेब नाक्यावर अडकले होते. सव्वादहाला धावत आले तिघं एकाच गाडीतून.”

“तुम्हाला कुणी सांगितलं?”

त्याने जिन्याकडे बोट दाखवलं. “वर बसल्यात त्या आजींनी.”

४

“मी सांगतलं,” शेवंताबाई शांतपणे म्हणाल्या. “वाचमनला सांगतलं. लिफ्टमधी एक मानूस होता, त्याला सांगतलं. आनि वर सिताराम होता, त्याला. सहा वरसं तोंड पारून येतंय मी हितं. आज कोर्टाचा मानूस येनार, तर काय तोंड दाबून बसू?”

दामले मॅडमनी कपाळाला हात लावला. “मावशी, मी तुम्हाला सांगितलं होतं ना, कुणाला बोलू नका म्हणून.”

“तुमी बोल्ला व्हता की शत्रूला सांगू नका. सिताराम शत्रू नाय. चा देतो मना.”

सिताराम म्हणजे शिपाई. पन्नाशीचा, कंत्राटी, अठरा वर्षं दर अकरा महिन्यांनी एक दिवस घरी बसवून पुन्हा घेतलेला. तो त्याच वेळी चहा घेऊन आला. आमच्याकडे न बघता त्याने कप शेवंताबाईंच्या हातात दिला आणि हळूच म्हणाला, “बाई, उठायचं नाय हां.” आणि पँट्रीत गेला.

मी आणि दामले मॅडम जिन्याच्या पायरीवर बसलो. मॅडम थकल्या होत्या. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं. “नंदकुमारभाऊ, पाच वाजता मी त्यांना काय सांगू? घर जाणार त्यांचं. एकटी बाई ती, मोऱ्याच्या बाहेर तिला कुणी नाही. खुर्ची नेली असती तर हे लोक तासाभरात पैसे टाकतात, मी तीनदा पाहिलंय. पैसे नसतात असं नसतं हो. लाज नसते. ती थोडी आणावी लागते.”

मी तिघांची उत्तरं मनात पुन्हा घोळवत बसलो. मंत्रालयात पाठवली. भंगारात घातली. पॉलिशला दिली. बावीस वर्षांत मी खोटं बोलणारी हजार घरं पाहिलीत. नवऱ्याने गाय लपवली असेल तर नवरा, बायको, सासू तिघं एकच सांगतात, गाय मेव्हण्याकडे गेली. आधी बसून ठरवलेलं असतं ना. आणि हे तिघं एकाच गाडीतून आले होते. खुर्ची यांनी मिळून लपवली असती तर येता येता एकच थाप ठरवली असती. तीन थापा तीन दिशांना जात होत्या.

“मॅडम,” मी म्हणालो, “त्यांना माहीतच नाही.”

“काय?”

“खुर्ची कुठाय ते. ते आले तेव्हाच ती गायब होती. साहेबांना वाटलं, आशुतोषने फोनवरून कुणाला तरी सांगून हुशारी केली. आशुतोषला वाटलं, उन्नतीने. तिला वाटलं, साहेबांनी. म्हणून तर सगळे एकमेकांना अंगठे दाखवत होते. अभिनंदन चाललं होतं त्यांचं. आणि मी विचारलं तेव्हा प्रत्येकाने दुसऱ्याला वाचवायला सुचेल ती थाप मारली.”

दामले मॅडम ताठ बसल्या. “मग नऊ ते सव्वादहा वर कोण होतं?”

मी पँट्रीत गेलो. सिताराम गॅसपाशी उभा होता. मी दार लोटून घेतलं आणि विचारलं, खुर्ची कुठाय.

“साहेब, मी कंत्राटी मानूस,” तो म्हणाला. “आमाला बघायची मुभा हाय, बोलायची नाय. बोललो की अकरा महिन्यांनी घरी बसवल्यावर परत बोलावनं येतच नाय.” त्याने गाळणं धुतलं, आपटलं, खुंटीला लावलं. “तुमी सगळीकडं बघितलं?”

“सगळीकडे.”

“मग झालं तर. तुमीपन सायबांसारखंच बघितलं.”

माझा अपमान झाला आहे एवढं कळलं. कसा झाला ते कळायला मला पुढची पाच मिनिटं लागली.

५

मी जिन्यावर परत आलो तर दामले मॅडम पायरीवर हात फिरवत होत्या. “ही पायरी बघा. खालून तिसरी. सहा वर्षं त्या इथे बसायच्या. आधी दोघं, मग एकट्या. बाकड्यावर बसल्या की वॉचमन उठवायचा, बाकडी व्हिजिटरसाठी आहेत म्हणून. मी स्वतः एकदा भांडले त्यावरून. या ऑफिसात त्यांना कधी कुणी बसायला खुर्ची दिली नाही.”

मी त्यांच्याकडे बघत राहिलो.

मग मी व्हरांड्यात पाहिलं.

या ऑफिसात सहा वर्षं ज्या बाईला कुणी बस म्हटलं नाही, ती आज सकाळपासून खुर्चीत बसली होती. एकटीला खुर्ची, तीही हातांची. बाकी सगळ्या व्हिजिटरांना बिनहातांची लोखंडी बाकडी. वर हिरवं कापड, जमिनीला टेकेल इतकं. आणि चहा देणारा माणूस बजावून गेला होता, उठू नका.

मी तिच्यासमोरून दिवसभरात दहा वेळा गेलो होतो. टाकीत डोकावलो होतो, बायकांचं बाथरूम तपासलं होतं, आणि जिच्यासाठी हे सगळं चाललं होतं ती कशावर बसली आहे हे एकदाही पाहिलं नव्हतं.

“झेरॉक्सवाले, भेळवाले, इकडे या,” मी म्हणालो. “साहेब, उन्नतीताई, आशुतोषराव, तुम्हीही. खुर्ची सापडली.”

तिघं बाहेर आले आणि तिघांनी एकदम विचारलं, “कुठे?” विचारून झाल्यावर तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. त्या बघण्यात सगळा दिवस एका क्षणात उलगडला. सकाळपासून ज्याचं अभिनंदन केलं त्याने काहीच केलं नव्हतं, हे प्रत्येकाला कळत चाललं होतं.

मी खाली आडवा झालो. वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी, सरकारी कामात, व्हरांड्याच्या फरशीवर. कापड उचललं, मोबाइलचा टॉर्च लावला. दोन्ही पंचही आडवे झाले. भेळवाल्याने मोठ्याने वाचलं, “पा.मं. जड एक.”

“काय झालं?” शेवंताबाई वरून म्हणाल्या. “काय हरावला काय तुमचा?”

“मावशी,” दामले मॅडम म्हणाल्या, “तुम्ही ज्याच्यावर बसलात ना, तीच ती.”

शेवंताबाईंनी हातावरचं कापड बाजूला केलं. खालचं सागवान पाहिलं. बोटाने एकदा चाचपलं. सबनीस साहेबांकडे पाहिलं, ते उभे होते. मग त्या पाठ टेकून नीट बसल्या.

“मंग आता मी उठनार नाय,” त्या म्हणाल्या.

६

आशुतोषने आधी आवाज चढवून पाहिला. मग उन्नती गोड बोलली, आजी, चहा घेऊ या आत. साहेब म्हणाले, हे बेकायदा आहे. मी म्हणालो, जप्तीच्या वस्तूवर कुणी बसू नये असं कायद्यात कुठे लिहिलेलं मला आढळलेलं नाही, आपल्याला आढळलं असेल तर दाखवा. आणि मी पंचनामा लिहायला घेतला. ‘शोध घेता वर्णनाची खुर्ची व्हरांड्यात नोटीस बोर्डाखाली मिळून आली. खुर्चीवर अर्जदार स्वतः बसलेल्या आहेत व उठण्यास तयार नाहीत. सबब वस्तू अर्जदारासह हलवण्यात येत आहे.’

“म्हणजे?” साहेब म्हणाले.

“म्हणजे चार हमाल आहेत,” दामले मॅडम म्हणाल्या. आता त्या हसत होत्या. “लिफ्टमध्ये खुर्ची मावशींसकट मावणार नाही. जिन्याने नेऊ. चारही मजले. मग गेटमधून. मग तुमच्या ऑफिससमोरच्या रस्त्याने टेम्पोपर्यंत.”

हॉलमधला सगळा स्टाफ व्हरांड्यात जमला होता. हातात मोबाइल, आणि कुणाच्याही चेहऱ्यावर साहेबांबद्दल काळजी दिसत नव्हती. हमाल वर आले. मुख्य हमालाने अंदाज घेतला, खुर्चीचे पाय धरून एकदा हलकंच उचलून पाहिलं. शेवंताबाई जमिनीपासून वीतभर वर गेल्या. त्यांनी पदर डोक्यावर घेतला, जशी लग्नाच्या वरातीत नवरी बसते तशी बसल्या, आणि म्हणाल्या, “हलू न्या रे. पारू नका.”

स्टाफमध्ये कुणीतरी टाळी वाजवली. बाकीच्यांनी उचलून धरली.

साहेबांना ते चित्र दिसलं असावं. बाराव्या संचालकांच्या खुर्चीत बसून एक बाई बेलापूरच्या रस्त्याने चालली आहे आणि संध्याकाळपर्यंत ते प्रत्येकाच्या मोबाइलवर आहे. त्यांनी हात वर केला. “थांबा. प्रोसेस आहे. पैसे द्यायला तीन सह्या लागतात.”

“कुणाच्या?” मी विचारलं.

साहेबांनी कंबरेचा पट्टा सारखा केला. “माझी. आशुतोषची. आणि पडताळणी उन्नतीची.”

तिन्ही सह्या एकमेकांपासून दोन हातांवर उभ्या होत्या. सहा वर्षं त्या एकत्र येत नव्हत्या. त्या दिवशी अकरा मिनिटांत आल्या. निधी कुठून काढला असं मी आशुतोषला विचारलं तर तो म्हणाला, ठेव होती. कधीची? तो म्हणाला, असतेच हो.

चार बावन्नला शेवंताबाईंच्या पिशवीतला जुना फोन बँकेच्या मेसेजने वाजला. त्यांना वाचता येत नाही. त्यांनी तो दामले मॅडमना दिला नाही, मला दिला नाही. सितारामला हाक मारली. सितारामने चष्मा लावला आणि आकडा वाचला. त्यांनी पुन्हा वाचायला लावला. मग त्यांनी डोळे मिटले आणि बराच वेळ मिटलेलेच ठेवले. गोटीरामांचं नाव घेतलं का काय, ओठ हलले एवढं दिसलं. मलाही भरून आलं. बेलीफला असं होऊ नये, पण झालं.

“आता उठू का?” त्यांनी सितारामला विचारलं.

“उठा.”

“मंग मना आधी बाथरूमला जाऊ दे. नऊपासून दाबून बसलंय मी.”

त्या गेल्या. खुर्ची रिकामी राहिली. साहेबांनी तिच्याकडे पाहिलं, पाठीवरून हात फिरवला, पण सगळा स्टाफ बघत होता, म्हणून बसले नाहीत. जाता जाता त्यांनी आशुतोषला हळू आवाजात विचारलेलं मी ऐकलं, “असे अजून किती आहेत?” तो म्हणाला, “सतरा.” दामले मॅडमनीही ते ऐकलं आणि वहीत लिहून घेतलं.

उतरताना मी सितारामला जिन्यात गाठलं. “एक सांग. नऊ वाजता शेवंताबाईंनी तुला सांगितलं, बेलीफ येतोय. तू खुर्ची रेकॉर्ड रूममध्ये का नाही ठेवलीस? कुलूप घातलं असतंस.”

“कुलपाच्या चाव्या सायबांकडं,” तो म्हणाला. “साहेब येऊन खुर्ची गाडीत घालून नेनार, हे मला माहीत होतं. ती त्यांच्यापासून लपवायची होती, तुमच्यापासून नाय. म्हटलं, ह्या सगळ्या हापिसात अशी जागा कुठली, जिथं साहेब लोक कधी बघत नाय?” त्याने खांदे उडवले. “बाईकडं सहा वरसांत कुनी बघितलं नव्हतं. आज कशाला बघतील?”

“मग मला का नाही सांगितलंस?”

“वाटलं, तुमी बघाल.”

मी पंचनाम्यात त्याचं नाव कुठे घातलं नाही. वर ते तिघं अजून एकमेकांना विचारत होते, खुर्ची बाहेर कुणी नेली. प्रत्येकाचा दुसऱ्यावर संशय होता आणि तो मी दूर केला नाही. दिवाळी होती, त्यांनाही काहीतरी मिळायला हवं होतं.

पाडव्याच्या संध्याकाळी दामले मॅडमचा फोन आला. त्या शेवंताबाईंबरोबर उरणला गेल्या होत्या. बाजीरावशेठ नव्या वहीची पूजा करून बसले होते, शेवंताबाई येतील असं त्यांना वाटलंच नव्हतं. पैसे मोजून घेतले, घराचा कागद काढून दिला, आणि रकमेचा आकडा बघून शेठजींना एकदम आदर आला. नोकराला सांगून गादीशेजारी खुर्ची मागवली. म्हणाले, बसा ना शेवंताबाई, फराळ करून जा.

शेवंताबाईंनी कागद उलगडून पाहिला, घडी करून कमरेला खोचला.

“नको,” त्या म्हणाल्या. “त्या दिशी लय बसली मी. आता घरी जातंय.”